ऑर्फामावशीच्या ओसरीतल्या खुंट्या

अहो, डाकगाड्या लुटणाऱ्या पेडिगोच्या टोळीचं नाव काढलं की ॲरिझोनात भलेभले दाराला कडी लावायचे. आणि आमची ऑर्फामावशी? ती त्यांना म्हणाली, "आधी हात धुवा!"

मावशी विधवा. नवरा गेल्यावर माळरानातल्या डाकगाडीच्या ठाण्यावर तिने खानावळ चालवली, आणि मी तिथे घोडे सांभाळायचो. दिवसभर घोडं दामटलं तरी दुसरीकडे गरम घास मिळायचा नाही, म्हणून तिचा शब्द म्हणजे कायदा. बंदूक ओसरीतल्या खुंटीला टांगायची, मगच टेबलाशी बसायचं. न्यायाधीश असो नाहीतर चोर, तिच्याकडे कुणी कुणाच्या अंगाला हात लावायचा नाही.

त्या दुपारी पेडिगो तीन साथीदार घेऊन आला. गालावर चाबकाचा ताजा वळ. मी त्यांच्या घोड्यांना पाणी दाखवत होतो, तर माझ्यासमोरच बोलतो कसा, "आज गाडी आली की आधी हाकणाऱ्याला आडवा करायचा. मागच्या खेपेला चाबूक मारतो काय मला!" मी त्यांच्या लेखी माणूसच नव्हतो ना!

गाडी हाकणारा वायली म्हणजे मावशीचा एकुलता एक मुलगा! मी मागच्या दाराने धावलो, तिच्या कानात सांगितलं. तिचा चेहरा पांढराफटक पडला, पण क्षणभरच. मग पळी आपटून ती बाहेर ओरडली, "घेवडा थंड होतोय रे! टांगा ती लोढणी आणि बसा!"

आणि टांगली की हो त्यांनी! सवयच तशी. त्यात पोटात कावळे ओरडत होते आणि ॲपल पायचा वास सुटला होता.

ते ताटांवर तुटून पडले तशी मावशी पाणी आणायच्या निमित्ताने बाहेर आली. पिस्तुलं तिने ॲप्रनमध्ये गोळा केली, मी खोगिरांच्या रायफली उपसल्या, आणि टाकलं सगळं विहिरीत! काय धबाका झाला म्हणता!

"काय पडलं?" पेडिगो आतून ओरडला.

"बादली! दोर कुजलाय मेला. तू खा!"

तेवढ्यात चाकांचा खडखडाट, गाडी दारात! पेडिगो ओसरीत धावला, तर खुंट्या रिकाम्या. गाडीवर वायलीशेजारी बसलेल्या राखणदाराने त्याला ओळखलं आणि बंदूक रोखली. आता चौघांचे मुडदे पडणार! मला तर, खोटं कशाला सांगू, आनंदच झाला.

तर मावशी मध्ये उभी!

"खाली घे ती बंदूक."

"आई, बाजूला हो! यांनी मला मारलं असतं!" वायली ओरडला.

"ठाऊक आहे. पण रिकाम्या हाताने माझ्याकडे जेवायला बसलेत ते. माझ्या दारात गोळी सुटायची नाही."

पेडिगो दात खात म्हणाला, "मावशी, दगा केलास."

"दगा? माझं अन्न खाऊन माझ्याच पोराला मारायला निघालास, आणि दगा मी केला?"

त्याने एकदा वायलीकडे पाहिलं, एकदा तिच्याकडे. हे नातं त्याला ठाऊकच नव्हतं. मान खाली घालून तो घोड्यावर चढला, बाकीचे त्याच्यामागून.

ते दिसेनासे झाले तरी मावशी दारातून हलेना. वायलीने तिला खुर्चीत बसवलं, स्वतः ताट वाढलं. इतकी वर्षं साऱ्या मुलखाला वाढणारी ती बाई, एक घास घेईना. नुसती त्याचं मनगट घट्ट धरून बसली. बाहेर उतारू उशीर झाला म्हणून कटकट करायला लागले.

"ओरडू देत," वायली म्हणाला, आणि तिच्या शेजारी बसला.