व्हँटरपूलला बिशप कोणी केलं

थिओफिलस व्हँटरपूलला बोलायला सुरुवात करता यायची, थांबता मात्र यायचं नाही. त्याचा बाप होड्या बांधायचा, पण लेकाला होडीत पाय ठेवला की भडाभडा ओकारी. म्हणून बापानं त्याला कोरड्यावरच्या धंद्याला लावलं, म्हणजे पाद्री केलं. तो मँगो गट नावाच्या बेटावरच्या गावी चर्चवर नेमला गेला आणि गावाचे रविवार नासले. प्रवचनात बायबलातला योना माशाच्या पोटात शिरला की दुपार टळेपर्यंत बाहेर निघत नसे. घरोघर चुलीवर बकऱ्याचा रस्सा करपायचा. म्हातारा जेरमाया फ्रेट एकदा प्रवचन चालू असतानाच मेला. शेजाऱ्याला वाटलं डुलकी लागली असेल, त्यात नवल ते काय. आमेन झाल्यावर हलवलं तेव्हा तो ताठ झालेला.

शेवटी युडोरा लेट्समनं चर्चचे पंच आपल्या भट्टीपाशी गोळा केले. ही नारळाचं सारण भरलेले टार्ट भाजून विकणारी बाई, पंचांतली थोरली, तोंडानं फटकळ.

"काढून टाकू त्याला," एक पंच म्हणाला.

"कशावरनं काढशील? आपल्या एपिस्कोपल पंथाचा पाद्री एकदा चिकटला की गोचीड. चोरी करत न्हाई, पीत न्हाई, कुणाच्या बायकोकडं बघत न्हाई. मेल्यानं तेवढंबी सुख दिलं न्हाई आपल्याला."

"मग?"

"खाली ढकलता येत न्हाई ना? वर ढकला. समद्या बेटांचा म्हातारा बिशप गादीवरनं उतरतोय. ह्याला बिशप करू."

बिशप निवडायची सभा थोरल्या बेटावर भरली. बेटाबेटाचे पाद्री आणि गावकरी मतं टाकायला आले. युडोरा उभी राहून म्हणाली, "आमचे फादर बोलायला लागले की माणूस जागचा हलत न्हाई. एकजण तर ऐकता ऐकता देवाघरी गेला." ह्यात खोटं काही नव्हतं.

लगेच दुसऱ्या गावची बाई बाहीनं डोळे पुसत उठली. "आमचा हिरा द्यायला काळीज तुटतंय, पण देतो." तिच्यामागं तिसऱ्या गावचा, मग चौथ्याचा. युडोरा काय समजायचं ते समजली. जो तो आपल्या डोक्यावरची धोंड घेऊन आला होता. मतं टाकली, मोजली, पुन्हा टाकली. प्रत्येक गावाचं मत आपल्याच पाद्र्याला.

जेवणाच्या सुट्टीत युडोरानं त्या रडणाऱ्या बाईला खारवलेल्या माशाच्या पातेल्यापाशी गाठलं.

"तुमच्या हिऱ्याला काय रोग हाय?"

"ट्रंबोन वाजवतो, पितळी भोंगा. पहाटं. तुमचा?"

"बोलतो."

बाईनं मासा चावत विचार केला. "मग तुमचाच होऊ द्या. बिशप वर्षाकाठी एकदा येणार. एक दिवस बोललेलं सोसंल. ट्रंबोन न्हाई सोसायचा."

ही गोष्ट टेबलाटेबलावर फिरली आणि व्हँटरपूल बिशप झाला. तो ढसाढसा रडला. "मँगो गटच्या मायेनं मला इथवर आणलं," असं म्हणून आभार मानायला लागला, तो खुर्च्या उचलणारे आले तरी मानतच होता.

पुढं बेटाबेटावर होडीनं फिरणं आलं. हिरवापिवळा होऊन तो उतरायचा. मग परतीची होडी आठवली की प्रवचन आणखी ताणायचा. जाईल तिथं सांगायचा, मँगो गटनं मला मायेनं दिलं. बायको वारली, पोरबाळ नव्हतं. ही माया तेवढी त्याची कमाई.

बहात्तर वर्षं भरली की बिशपला पदावरून उतरावंच लागतं. व्हँटरपूल उतरला तो थेट युडोराच्या भट्टीवर आला.

"युडोरा, इथंच राहीन म्हणतो. ज्यांनी मला मायेनं दिलं, त्यांच्यातच मरीन. अधूनमधून दोन शब्दही बोलेन."

युडोराचे हात कणकेत तसेच राहिले. हो म्हणावं तर रविवारचा रस्सा पुन्हा करपला. खरं सांगावं तर म्हाताऱ्याची एकुलती एक कमाई गेली.

"बिशपसाहेब," ती म्हणाली, "मायाबिया काय न्हवती. तुम्हाला घालवायचं हुतं."

तो पिठाच्या पोत्यावर बसला. "सगळ्यांनाच?"

"समद्यांना. फ्रेटच्या कुत्र्यालाबी."

तो गप्प झाला. युडोराचा एक घाणा भाजून निघाला तरी गप्पच.

"मग राहू का नको?"

"ऱ्हावा की. मागची खोली रिकामीच हाय. फकस्त शेवटच्या बाकावर बसायचं, तोंड मिटून."

रविवारी तो शेवटच्या बाकावर बसला. नव्या पाद्रीणबाईंनी प्रवचन चटकन आटपलं. पण चर्चचा रिवाज असा की बिशप हजर असला, उतरलेला का असेना, तर शेवटचा आशीर्वाद त्यानंच द्यायचा. त्याशिवाय कोणी घरी जायचं नाही. बाईंनी मागं बघून हात केला. साऱ्या बाकांवरून एकच उसासा निघाला.

व्हँटरपूल उठला. त्यानं युडोराकडं बघितलं, हात वर केला, एका दमात आशीर्वाद दिला, आमेन म्हटलं आणि दाराबाहेर गेला.

कोणी उठेना.

"संपलं का गं?" शेजारीण कुजबुजली.

युडोरानं मान लांब करून खिडकीतून बघितलं. व्हँटरपूल कुंपणाच्या भिंतीवर बसून जोड्यातली वाळू झटकत होता. तोंड मिटलेलं.

"संपलं," ती म्हणाली. पण उठायचं धाडस तिलाही होईना.