गिरजाआत्याचा आवाज

गिरजाआत्या बोलताना समोरच्याच्या डोळ्यांकडे बघत नसे, ओठांकडे बघे. नवा माणूस त्याने अवघडून जायचा. आणि ती स्वतः बोलायची ते इतक्या मोठ्याने, की आमच्या घरी येऊन तिने वाटीभर मीठ मागितलं तरी विहारापाशी बसलेल्या बायकांना कळायचं, आज आत्याच्या घरात मीठ संपलंय.

ती माझी सख्खी आत्या नव्हे. सुप्याजवळच्या आमच्या गावात तिचं घर आमच्या घराला लागून. तरुणपणी नवऱ्याबरोबर मुंबईला गेली आणि कापडगिरणीत, सूत गुंडाळायच्या खात्यात लागली. तिथल्या खडखडाटात कानाशी ओरडलेलंही कळत नसे, म्हणून बायका एकमेकींचे ओठ वाचायला शिकल्या. पुढे नवरा गेला, गिरणीही बंद पडली. आत्या गावी परतली तेव्हा तिला ऐकू कमी येत होतं आणि आवाज मात्र गिरणीतलाच राहिला होता. कुणी जरा हळू बोल म्हटलं, की तिचं ठरलेलं उत्तर असे, “आमच्या खात्यात हळू बोलनारीला कुनी पानी बी दिलं नसतं.”

एकदा ग्रामसभेत लोकांकडे तोंड करून पुढे बसलेल्या दोघांनी आपसात कुजबुज केली. आत्या शेवटच्या रांगेतून उठली आणि म्हणाली, नवा नळ ह्यांच्याच दारात घ्यायचा ठरतोय, ऐका. नळ शेवटी आमच्या वस्तीत आला.

माझं लग्न ठरलं त्या उन्हाळ्यातली गोष्ट. अंगणात कुरडया चालल्या होत्या. नगरहून मावशी आली होती. अण्णा, म्हणजे माझे वडील, मांडवाचे बांबू रचत होते. आईने मावशीकडे बघून नुसते ओठ हलवले. मी शेजारी असून मला काही कळलं नाही. पण अंगणाच्या दुसऱ्या टोकाला, खाटेवर कुरडया पाडणाऱ्या आत्याचा हात थांबला.

“शांते, छातीत गाठ हाय आन् लेकीचं लगीन हुईपातुर दडवून ठिवतीस व्हय?”

सगळ्या आळीने ऐकलं. अण्णा हातातला बांबू धरून तसेच उभे राहिले. आई उठून आत गेली आणि दार लावून घेतलं. मी आत गेले तर तिने निक्षून सांगितलं, ही बाई पुन्हा आपल्या घरात पाऊल टाकायला नको. पोरीच्या सासरी कळलं तर काय तोंड दाखवू, हेच ती पुन्हा पुन्हा म्हणत होती.

पण आता लपवायला काही उरलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी अण्णांनी आईला नगरच्या एसटीत बसवलं. मी बरोबर होते. आत्या न बोलावता मागच्या सीटवर येऊन बसली. आईने तोंड खिडकीकडे वळवलं.

तपासण्या झाल्या. रिपोर्ट घ्यायला गेलो त्या दिवशीही आत्या आलीच. आईला डॉक्टरीणबाईंनी आत घेतलं आणि आम्ही दोघी बाहेर बाकावर बसलो. मी जरा रागानेच विचारलं, चारचौघांत कशाला बोललीस? बाजूला घेऊन सांगायचंस ना.

“माझ्या शेजारच्या मशिनीवर शेवंता हुती,” ती म्हणाली. “तिनं बी असंच नुसत्या ओठांनी सांगितलं मला, गाठ हाय म्हनून. म्हनली, कुनाला सांगू नगं, खाडे पडतील, काम जाईल. म्या न्हाई सांगितलं. लई इमानानं गप बसले.” मग म्हणाली, “वरीस न्हाई काढलं तिनं.”

हेही तिने त्याच आवाजात सांगितलं. बाकावरच्या साऱ्या बायका ऐकत होत्या.

दार उघडलं. डॉक्टरीणबाई मला काहीतरी म्हणाल्या, पण त्यांनी मास्क लावला होता. आत्याने माझं मनगट पकडलं. “काय म्हनली? तोंड झाकलंय तिनं, मला दिसंना.”

मी कधी घरात आवाज चढवलेला नव्हता. तिथे दवाखान्यात सगळ्यांसमोर ओरडून सांगितलं, “कॅन्सर नाही आत्या. साधी गाठ आहे. काढून टाकली की झालं.”

आत्या पदर तोंडाला लावून रडायला लागली. आई बाहेर आली ती तिच्याकडे बघत राहिली. परतीच्या गाडीत आई माझ्याशेजारी बसली नाही, आत्याशेजारी बसली. वाटेत कुठेतरी तिने आत्याकडे वळून नुसते ओठ हलवले. आत्या एवढ्याने हसली की कंडक्टरने मागे वळून पाहिलं. आई काय म्हणाली ते मी दोघींना खूपदा विचारलं. आत्याने तेवढं मात्र कधी सांगितलं नाही.

माझं लग्न ठरल्या दिवशी झालं. सासरी गाठीचं कळलं होतं. सासूबाई लग्नाआधी येऊन आईला बघून गेल्या, एवढंच.

गेल्या हिवाळ्यात आत्या झोपेतच गेली. विहारात सभा झाली. लोक तिच्या गिरणीबद्दल बोलले, नळाबद्दल बोलले, हसलेही. मग आई उभी राहिली. ती जन्मात कधी चार माणसांसमोर बोलली नव्हती. आपल्याला गाठ कुठे झाली होती, आपण ती किती लपवली आणि गिरजाबाईने काय केलं, एवढं सांगून ती खाली बसली.

आई बाहेर चपला घालत असताना वस्तीतली एक तरुण सून तिच्याजवळ आली. “काकू, नगरला कुठल्या दवाखान्यात गेल्ता तुमी?”

आईने कशासाठी म्हणून विचारलं नाही. म्हणाली, “सकाळच्या गाडीनं जाऊ. मी येते तुझ्यासंगं.”