क्लेमची एक धाव

एनॉक सगडेन आमच्या काउंटीसाठी वीस वर्षं गोलंदाजी करत होता आणि मी यष्टींमागे उभा राहून त्याची कटकट ऐकत होतो. तोंडाचा फटकळ, पण चेंडू असा वळवायचा की बघत राहावं.

आमच्याकडे एक रिवाज आहे. जुन्या खेळाडूच्या गौरवासाठी सामना ठेवला, की त्याला पहिला चेंडू सोपा टाकायचा, म्हणजे त्याची एक धाव तरी होते. शेजारच्या काउंटीचा म्हातारा क्लेम बूथरॉइड स्वतःच्या गौरवाच्या सामन्यात खेळायला उतरला, तेव्हा कोवळ्या एनॉकनं पहिल्याच चेंडूवर त्याचा त्रिफळा उडवला.

"अरे गाढवा, काय केलंस हे?" मी ओरडलो.

"मग? मी काय इथे अन्नछत्र उघडलंय?"

क्लेम हसत परत गेला. एनॉकनं तो विषय पुन्हा काढला नाही. क्लेमच्या अंत्ययात्रेत मात्र तो सगळ्यांच्या मागे, मान खाली घालून उभा होता.

मग एनॉकच्याच गौरवाचा सामना आला. समोरच्या पोरानं रिवाजाप्रमाणे सोपा चेंडू टाकला. एनॉकनं बॅट बाजूला घेतली आणि चेंडू यष्ट्यांवर जाऊ दिला.

चहाच्या तंबूत क्लेमची बायको एडिथ भेटली. "शून्य? अरेरे! माझ्या क्लेमला तू किती छान सोपा चेंडू टाकला होतास! मी तेव्हा चहाच्या गडबडीत होते, पण घरी येऊन त्यानंच सांगितलं. मरेपर्यंत तुझं कौतुक करायचा, पोरा."

एनॉकनं कप खाली ठेवला. "हो," तो म्हणाला, "एक धाव छान काढली होती त्यानं."