खंडाच्या दिवशीची सही

लोणी काळभोरचा सर्जेराव चौदा वर्षं पुण्यातल्या एका सरकारी कचेरीत जुनी कागदपत्रं सांभाळत होता. लाल कापडात बांधलेले गठ्ठे छतापर्यंत रचलेले. कुठल्या गावचा, कुठल्या सालचा कागद कुठं निजलाय, हे डोळ्यांआधी त्याच्या हाताला कळायचं. जोडीला नारायण पेठेतला श्रीधर. दोघं एकाच दिवशी लागले, दोघंही हंगामी.

हंगामी माणसाला दर एकोणनव्वद दिवसांनी दोन दिवस घरी बसवायचं. म्हणजे नोकरी सलग होत नाही आणि ‘कायम करा’ म्हणायला त्याला तोंड राहत नाही. कचेरीत याला खंड म्हणत. पण गठ्ठे मागायला येणारे लोक काही खंड पाळत नसत. म्हणून साहेबांनी दोघांचे खंड वेगवेगळ्या आठवड्यांत पाडले आणि रीत घालून दिली, की खंडावरच्यानं बिनपगारी यायचं, गठ्ठे काढायचे, नोंदवहीत सही मात्र दुसऱ्यानं करायची.

मग हे काम ठेकेदाराला जाणार अशी बातमी आली. श्रीधर सरळ कामगार न्यायालयात गेला. सर्जेराव साहेबांकडं गेला. साहेब म्हणाले, “कोर्टाची पायरी चढू नकोस, तुझं मी बघतो.” जूनमध्ये सर्जेरावच्या हाती कामावरून कमी केल्याचं पत्र पडलं. श्रीधरला निकालापर्यंत काढू नका, असा न्यायालयाचा हुकूम होता.

तेव्हापासून सर्जेरावच्या पोटात निखारा पडला. एका गोदामावर रखवालीला जाताना तो मुद्दाम लांबच्या वाटेनं कचेरीवरून जायचा आणि फाटकातून श्रीधरची स्कूटर आत आहे का बघायचा. ती असायचीच. या माणसानं एकदा सगळा मावळ तालुका मुळशीच्या फळीवर रचला होता, आणि तो निस्तरायला सर्जेरावचे तीन दिवस गेले होते. तोच आज आत, पंख्याखाली!

“त्यो कोर्टात गेला, तुमी सायबाकडं गेला,” बायको यमुनाबाई म्हणायची. “आता त्याच्या स्कूटरीकडं बघून काय मिळनार हाय?”

तेवढ्यात साहेबांचा निरोप आला. प्रतिज्ञापत्र तयार होतं: खंडाच्या दिवशी श्रीधर कधीच कामावर नसे, गठ्ठे मीच काढले, नोंदवहीत सह्या माझ्याच आहेत. “एवढं सांग. ठेकेदाराच्या यादीत पहिलं नाव तुझं.” सर्जेरावनं सही केली. किती तरी महिन्यांनी त्याच्या काळजाला गारवा वाटला.

न्यायालयाच्या व्हरांड्यात श्रीधर भेटला. “या सर्जेराव. पीएमटीच्या बसनं आलात, की साहेबांनी गाडी पाठवली?”

सर्जेराव त्याला वळसा घालून आत गेला.

उलटतपासणीला श्रीधरच्या वकील उभ्या राहिल्या, तरन्नुमबाई. त्यांनी नोंदवही पुढं धरली.

“हा श्रीधर यांच्या खंडाचा दिवस. सही तुमची. गठ्ठे कुणी काढले?”

“म्याच. ते आलेच न्हवते.”

बाईंनी शांतपणे पान उलटलं. “हा तुमच्या खंडाचा दिवस. सही श्रीधर यांची. म्हणजे इथलं काम त्यांचं. इथं एक गठ्ठा नोंदलाय, महिनाभर कुणालाच न सापडलेला. तो श्रीधर यांनी शोधला. माणूस हुशार म्हणायचा, नाही का?”

‘होय’ म्हटलं असतं तर सुटला असता. पण मागच्या बाकावर श्रीधरनं मान खाली घातली होती, आणि सर्जेरावला वाटलं, तो हसतोय.

“त्यांनी?” सर्जेरावचा आवाज चढला. “त्यांना मावळ-मुळशी तरी कळतं का? भोरच्या फळीमागं पडला हुता त्यो गठ्ठा. पोटावर सरपटत जाऊन म्या काढला. सही तेवढी त्यांची!”

“पण तुम्ही तर खंडावर होतात.”

“खंडावर असलं तरी यावंच लागायचं! दोघंबी येत हुतो. सायबांचीच रीत हाय ती!”

टंकलेखकाची बोटं तेवढी वाजत राहिली. न्यायाधीशांनी मान वर केली. “दोघंही?”

सर्जेरावनं साहेबांकडं पाहिलं. साहेब खिडकीबाहेर बघत होते. तोंडातून गेलेला शब्द आता शपथेवर लिहिला गेला होता.

“व्हय,” तो म्हणाला. “दोघंबी.”

बाहेर आल्यावर साहेब सरळ गाडीत बसून निघून गेले. ठेकेदाराची यादी तिथंच मिटली. श्रीधर मात्र जवळ आला.

“अहो सर्जेराव, आता तुमचाही दावा लावा. तुमच्या खंडांवर सह्या माझ्या आहेत. मी येईन सांगायला.”

सर्जेरावला वाटलं, यापेक्षा यानं चार शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. श्रीधर स्कूटर काढायला गेला, तसा तो तरन्नुमबाईंकडं वळला. कुठले कागद आणायचे ते त्यानं विचारून घेतलं. मग थोडा घुटमळला.

“बाई, साक्षीला दुसरं कुणी चालनार न्हाई का?”

“दुसरं कुणी होतंच कुठं तिथं?” बाई म्हणाल्या.