एक काना

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्यालाही नाही. तुम्हाला का सांगतेय? तुम्ही आमच्या नात्यातले नाही, म्हणूनच बहुधा.

मी नाटकं लिहिते — इथल्या, बेंगळुरूच्या मराठी मंडळींसाठी. घरातले गुंते हिला छान जमतात, असं लोक म्हणतात. जमणारच! घरातूनच तर उचलते.

गेल्या वर्षीच्या नाटकात गुडघे गेलेली एक म्हातारी होती. मला खालच्या मजल्यावर झोपू द्या, एवढंच तिचं मागणं. त्यावर सून म्हणते, "अम्मा, म्हातारपणी कसली हौस? आहे त्यात स्वल्प ॲडजस्ट करा."

बसवनगुडीच्या त्या सभागृहात बायका चुकचुकल्या. माना वळल्या — तिसऱ्या रांगेकडे. तिथे माझी अम्मा बसली होती आणि शेजारी धाकट्या भावाची बायको, सुमती. चामराजपेटच्या घरात अम्माचं सगळं तीच करते, हे सगळ्यांना ठाऊक. तरी माना वळल्याच. सुनेबद्दल वाईट ऐकायला पुरावा कुणाला लागतो?

नंतर एक मावशी म्हणाल्या, "काना-मात्रेचाही फरक न करता उतरवलंस गं!"

फरक होता. एका कान्याचा.

अम्मानं मला फोन केला होता. जिना चढवत नाही, तुमच्याकडे लिफ्ट आहे, चार दिवस येऊ का — असं विचारलं होतं. माझ्या एचएसआर लेआउटमधल्या घरात एक खोली रिकामीच असते. तिथे मी लिहिते. आणि मी म्हटलं — हो, मीच — "अम्मा, म्हातारपणी कसली हौस? आहे त्यात स्वल्प ॲडजस्ट कर."

कर. लेक म्हणते तसं. लिहिताना मी त्याचं 'करा' केलं, आणि वाक्य सुनेचं झालं. कळून-सवरून केलं. नाटकाला बरं पडेल, असं स्वतःला सांगितलं — खोटंच.

प्रयोगानंतर मेकअपच्या खोलीत सुमती अम्माच्या पाया पडली. "अम्मा, माझ्या तोंडून कधी तसं गेलं असलं तर क्षमा करा हो. मला आठवेना."

अम्माला आठवत होतं. तिनं माझ्याकडे पाहिलं. मी बोलेन म्हणून थांबली.

मी बोलले. म्हटलं, "जाऊ दे गं सुमती. अम्मानं ते कधीच मनातून काढून टाकलंय."

सुमतीनं डोळे पुसले. ते वाक्य आपणच बोललो, असं ती आता मानते.