किसनभाऊजींचा दुसरा वारस

आमचे धाकटे दीर किसनभाऊजी मृत्युपत्र न करता वारले. लग्नही न करताच वारले, त्यामुळे भानगडीचं काही कारण नव्हतं.

कारण नव्हतं, पण तलाठी होता! जऊळक्याजवळचं भाऊजींचं वावर आमच्या ह्यांच्या नावावर करायचं, तर आधी शपथपत्र पाहिजे, की माझ्याशिवाय दुसरा वारस नाही. ह्यांनी वाशीमला जाऊन तेही केलं. तलाठ्यानं चावडीवर नोटीस लावली आणि चष्म्यावरून पाहत म्हणाला, "आबा, मागून एखादा वारस निघाला, तं खोट्या शपथेपायी आत जासान बरं!"

झालं! माझी झोपच उडाली. भाऊजी होते बैलांचे दलाल. दर बाजाराला कारंज्याला जायचे आणि मुक्काम करूनच यायचे. (परत येताना तोंडावर असं तेज, की माझ्या हातचं जेवून कधी आलं नाही!)

"अवो," मी ह्यांना विचारलं, "भाऊजी कारंज्याले मुक्कामी काहून राहत होते?"

"बैल पाहाले."

"रातच्याले?"

ह्यांनी उचललेला घास तसाच ताटात ठेवला. त्या दिवसापासून तेही झोपेनात!

नोटिशीची मुदत संपत आली आणि भर दुपारी एक तिशीतला माणूस फटफटीवरून दारात उतरला. हे वावरात, मी घरात एकटी. त्यानं डोक्याचा रुमाल सोडला, आणि मी दोन पावलं मागंच सरले. कान! सुपासारखे, थेट भाऊजींचेच!

"किसनराव राहत होते, ते हेच घर ना काकू? ते गेले अन् आमाले कोणी सांगतलं बी नाही!" त्याचे डोळे भरून आले. "लहानपणापासून लय जीव लावला हो त्याईनं. माय तं ऐकल्यापासून धड जेवली नाही."

म्हणजे माय पण आहे! मला तर बेड्या घातलेले हे दिसायला लागले. त्याला मी ओढतच आत घेतलं (शेजारणीनं ते कान पाहिले असते तर!) आणि ताट वाढलं. डोळे त्याच्या कानांवरच, तुपाची धार थांबवायचं भानच राहिलं नाही. अख्खी वाटी रिकामी झाली!

"मायनंच पाठोलं," तो खाली मान घालून म्हणाला. "म्हणे, आपलं जे हाये ते घेऊन ये. मागाले लाज वाटते, पण..."

"लाजू नको बापा!" मी हात जोडले. "आर्धं वावर घे. विहिरीकडचं घे! पण चावडीवर जाऊ नको. काका म्हातारे हायेत, जेलातली भाकर त्याईले पचनार नाही!"



"काकू... मी डबा न्याले आलो."

"कायचा डबा?"

"आमची खानावळ हाये कारंज्याले. किसनराव बाजाराच्या दिवशी आमच्याकडंच जेवत, अन् अंगणात झोपत. मागच्या खेपेले भाकरी बांधून आणल्या, तो चार खणाचा डबा. मायच्या माहेरचा हाये तो, म्हणून आलो."

मी पुन्हा त्याच्या कानांकडे पाहिलं. चांगले माणसासारखे कान होते!

तेवढ्यात हे आले. सगळं ऐकून उंबऱ्यावरच बसले आणि ठसका लागेस्तोवर हसले. "शपथ घेतली म्या, अन् वावर तू वाटून राह्यली? अवं, बैल नाही, अन् बाई नाही. तुह्या हातच्या भाजीले भिऊन जात होता तो कारंज्याले!"

मी फळीवरचा डबा काढून दिला. पाहुण्यानं फटफटीला लात मारली, आणि मागं वळून विचारतो कसा, "काकू, आर्ध्या वावराचं मायले काय सांगू?"

"सांग, या डब्यात मावते तेवढं देते!" मी डबा हिसकला आणि चारही खण तुरीच्या डाळीनं शिगोशिग भरले.

वावर ह्यांच्या नावावर झालं. कागदावर वारस एकच आहे. पण दर साली तूर निघाली, की कारंज्याहून रिकामा डबा येतो, आणि मी मुकाट्यानं भरून पाठवते. नोटीस लावून तलाठ्याला जो दुसरा वारस सापडला नाही, तो मी नुसतं घाबरून घरबसल्या तयार केला!