चौथ्या मिनिटाचं प्रेत

मालिकेचे नियम गेरोल्ड टीसेननंच लिहिले होते, एकोणीस वर्षांपूर्वी, कोलोनच्या घरी स्वयंपाकघरातल्या टेबलावर. चौथ्या मिनिटाच्या आत प्रेत सापडलं पाहिजे. दहाव्याच्या आत खुनी दिसला पाहिजे, आणि तो सगळ्यांत भला माणूस वाटला पाहिजे. 'कमिसार टॅमकेन' ही टीव्हीवरची पोलिसी मालिका दोन वर्षं चालली तरी पुष्कळ, असा त्याचा तेव्हाचा हिशेब.

मालिका संपेना. दर मंगळवारी सात वीसला टॅमकेन कुणाला तरी पकडायचा, आणि गेरोल्डच्या हातून दुसरं काही होईना. अकरा वर्षं रेटून चित्रपटाची एकच पटकथा पुरी झाली, वडिलांवरची. ते मिंडेनजवळ कालव्यावर बोटींसाठी पाणी अडवणारी दारं उघडत-मिटत. एका हिवाळ्यात एक नावाडी बर्फावरून घसरला आणि दोन दारांमधल्या पाण्यात बुडाला. चौकशीत वडील निर्दोष ठरले. पण त्यानंतर संध्याकाळचं पाव-चीज त्यांनी कधी बसून खाल्लं नाही. खिडकीशी उभं राहून, कालव्याच्या दारांकडे बघत खायचे.

वाहिनीची संपादक अल्मुट ओलेनडॉर्फ हिनं पटकथा घेतली, सह्या झाल्या. मग चित्रपटांची वेळच वाहिनीनं बंद केली.

"वाया कशाला घालवायची?" अल्मुट म्हणाली. "टॅमकेनचा चारशे बारावा भाग कर."

"यात खून नाहीये."

"म्हणून तर तुला बोलावलं. नावाड्याला ढकललं कुणी?"

"कुणीच नाही."

"सगळ्यांत भला माणूस कोण आहे यात? अरे, नियम तुझाच आहे, बाबा."

"नाही लिहिलं तर?"

"हक्क आमच्याकडे आहेत. आपल्या लेखकांतला योनास लिहील. तो तुझ्या वडिलांच्या हातात पिस्तूल देईल, सांगून ठेवते."

गेरोल्डनं स्वतःच लिहिलं. निदान खिडकी तरी खरी राहावी म्हणून तो प्रसंग जसाच्या तसा ठेवला.

त्याची सत्त्याऐंशी वर्षांची आई मिंडेनच्या वृद्धाश्रमात दर मंगळवारी दोन मैत्रिणींबरोबर टॅमकेन बघायची. भाग संपला की फोन यायचाच: "खुनी मी दहाव्या मिनिटालाच ओळखला!" त्या मंगळवारी फोन आला नाही. सव्वाआठला त्यानंच लावला.

"आई, पाहिलंस?"

"पाहिलं."

"ओळखलास?"

"उभ्यानं पाव खाताना दिसला, तेव्हाच." मग ती म्हणाली, "त्यांना निर्दोष सोडलं होतं, गेरो. तुला ठाऊक होतं."

"हो."

"इथल्या बायकांना खिडकीची गोष्ट मीच सांगितलीय. कितीदा तरी. आता त्या विचारतायत."

"काय?"

"खरंच ढकललं का म्हणून. काय सांगू त्यांना?"

त्याच्यासमोर चारशे तेरावा भाग उघडा होता. शुक्रवारी द्यायचा होता. प्रेत अजून सापडायचं होतं.

"गोष्ट आहे म्हणून सांग," तो म्हणाला.

"कुठली?" आईनं विचारलं. "तुझी की माझी?"